वाशिष्ठीच्या खाडीत दीड तास

आमचा धाकटा भाऊ कुवेतमध्ये नोकरीला आहे. गेल्या हिवाळ्यात तो सुट्टी काढून इंडोनेशियाला फिरायला गेला आणि तिथून त्याने एक व्हिडिओ पाठवला. बंजरमासीन शहराजवळ मार्तापुरा नदीवर लोक बाइन्तान नावाचा बाजार भरतो. पहाटेच्या अंधारात बायका आपापल्या लहान होड्या वल्हवत येतात. डोक्याला स्कार्फ, त्यावर पानांची रुंद टोपी, होडीत केळी, भाजी, नारळ. होडीला होडी लागते आणि घासाघीस सुरू होते. दुकान पाण्यावर, गिऱ्हाईकही पाण्यावर.

आमची सातवीतली मुलगी तो व्हिडिओ तीनदा बघून म्हणाली, "आपल्याकडे असे का नाही?"

आम्ही शिक्षक माणसे. लगेच सांगू लागलो, की श्रीनगरला दल सरोवरात भल्या पहाटे होड्यांवर भाजीबाजार भरतो, पण आपल्या कोकणात तशी पद्धत नाही. अम्मी झोपाळ्यावर तांदूळ निवडत बसल्या होत्या. सूप बाजूला ठेवून त्या म्हणाल्या, "कोण म्हणतो नव्हती? माझ्या बाबांचा पडाव म्हणजे बाजारच होता. तुम्ही बघितला नाही, एवढेच."

अम्मींचे माहेर चिपळूणजवळचे कालुस्ते. वाशिष्ठीच्या खाडीकाठचे गाव. लग्न होऊन त्या रत्नागिरीला आल्या १९६८ साली. माहेरी त्या कितीतरी वेळा गेल्या, पण अलीकडची कित्येक वर्षे सगळे जाणे-येणे गाडीनेच. खाडीच्या बाजूने त्यांनी आपले गाव पुन्हा पाहिलेच नव्हते. गोवळकोटहून हल्ली पर्यटकांना होडीतून खाडी आणि मगरी दाखवतात, हे आम्ही ऐकून होतो. त्याच रात्री बेत ठरला.

डिसेंबरच्या शेवटच्या रविवारी फजरची नमाज पढून आम्ही निघालो. रत्नागिरी ते चिपळूण नव्वद किलोमीटरच्या आसपास. गाडीत अम्मींनी विचारले, "आज चांद किती?" नववी, असे आम्ही सांगितले. त्या म्हणाल्या, "मग भांगाचे पाणी. फार चढायचे नाही, फार उतरायचे नाही. उतरत्या पाण्याने खाली जाऊ."

मुलांना काहीच कळले नाही. मग आम्ही समजावले. अमावस्या-पौर्णिमेच्या सुमारास भरती-ओहोटी मोठी असते, ते उधाण. सातवी-आठवीच्या आणि बाविसाव्या चांदच्या आसपास ती सौम्य होते, तो भांग. रोज भरतीची वेळ साधारण पन्नास मिनिटांनी पुढे सरकते. अय्यामे बीजचे रोजे ज्या तेरा, चौदा, पंधरा तारखांना धरतात, ते दिवस उधाणाचे. आपल्या घरात चांदची तारीख रोजे आणि ईद यांसाठी मोजतात; खाडीकाठच्या घरात ती होडी सोडण्यासाठीही मोजत. ज्या बाईने शाळेची चौथी इयत्ताही पाहिली नाही, तिला पाण्याचे हे गणित तोंडपाठ आहे, हे मुलांना त्या दिवशी समजले.

गोवळकोटला पोहोचलो तेव्हा साडेनऊ वाजले होते. एका बाजूला गोविंदगडाची टेकडी, खाली धक्का, धक्क्याला लागलेल्या तीन-चार होड्या. वर छप्पर, खाली प्लास्टिकच्या खुर्च्या, मागे इंजिन. सगळ्यांना लाइफ जॅकेट घातले. अम्मींनी जॅकेटवरून ओढणी सारखी केली आणि होडीत पाय ठेवताना नूह अलैहिस्सलाम यांची दुआ हळूच पढली.

होडीवाला पंचविशी-तिशीचा, चुणचुणीत. त्याची माहिती पाठ होती. डावीकडे कांदळवन, उजवीकडे मगर, पुढच्या वळणावर आणखी दोन मगरी. मुले खूश. ओहोटीने काठाचा चिखल उघडा पडला होता आणि त्यावर मगरी ऊन खात पडल्या होत्या. एक तर जबडा उघडा टाकून निश्चल. धाकट्याला वाटले, ती खायला उठणार. होडीवाला म्हणाला, "नाही रे, ती अशीच अंग थंड करते." वाशिष्ठीतल्या या मगरी गोड्या पाण्यातल्या जातीच्या, पण खाडीच्या मचूळ पाण्यातही राहतात. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने त्यांना संरक्षण आहे.

वाशिष्ठी सह्याद्रीतून येते आणि दाभोळला अरबी समुद्राला मिळते. कोकणातल्या बाकीच्या नद्या उन्हाळ्यात आटतात, हिचे तसे नाही. कोयनेचे पाणी बोगद्यांतून डोंगराच्या या बाजूला आणतात आणि वीज तयार झाली की ते वाशिष्ठीत सोडतात. म्हणजे जे पाणी पूर्वेला कृष्णेत जायचे, ते आज आपल्या खाडीतून वाहते. भूगोलाच्या तासाला फळ्यावर बाण काढून हे शिकवताना मुले जांभया देतात. इथे होडीतून हात खाली सोडला की लागते ते तेच पाणी.

वीसेक मिनिटांनी अम्मींनी होडीवाल्याला विचारले, "बाळा, कालुस्त्याच्या जुन्या बंदराच्या पायऱ्या कुठे आहेत?"

तो जरा गोंधळला. "आज्जी, तुम्हाला काय माहीत तिथल्या पायऱ्या?"

"माझ्या बाबांचा पडाव लागायचा तिथे."

त्याने बाबांचे नाव विचारले. अम्मींनी सांगितले. इंजिनाचा आवाज एकदम कमी झाला. तो म्हणाला, "माझे आजोबा त्यांच्याकडे खलाशी होते. म्हणजे तुम्ही आमच्या फुफी झाल्या!" त्या क्षणापासून आमची सहल राहिली नाही. 'आज्जी'च्या फुफी झाल्या आणि पाठ केलेली माहिती थांबली. आता बोलत होत्या अम्मी, आणि ऐकत होता तो.

पडाव दाभोळहून भरतीच्या पाण्याबरोबर वर यायचा. त्यात मीठ, सुकी मासळी, मडकी, कधी मंगलोरी कौले. गावागावाच्या बंदराला तो थांबे. तांडेलाची हाळी ऐकू आली की बायका टोपल्या घेऊन पायऱ्यांवर येत. काही जण तर लहान होडी घेऊन मधल्या पाण्यातच पडावाला लागत आणि तिथेच सौदा करत. कुणी पैसे देई, कुणी तांदूळ, कुणाचे नाव वहीत. ओहोटी लागली की तांदूळ आणि लाकूडफाटा भरून पडाव खाली. मुलीने आमच्याकडे बघितले. तिला तिचे उत्तर मिळाले होते.

अम्मींची वरातही याच पाण्याने गेली होती. कालुस्त्याहून लाँचने दाभोळ आणि दाभोळहून आगबोटीने रत्नागिरी.

एका वळणावर होडीवाल्याने होडी काठाकडे घेतली. कांदळवनाच्या आडून मशिदीचा मिनार दिसला. मग जुनी घरे. तेव्हा लक्षात आले, की त्या घरांचे पडवी-ओटे खाडीकडे तोंड करून आहेत. आपण गाडीने गावात जातो तेव्हा घराच्या मागच्या दाराने शिरतो, हे इतक्या वर्षांत आम्हाला कधी कळले नव्हते. पायऱ्या मात्र दिसेनात. होडीवाल्याने बोट दाखवले. चिखलात, तिवरांच्या मुळ्यांमध्ये, जांभ्या दगडाच्या दोन पायऱ्या. बाकी सगळ्या गाळाखाली. होडीचे नाक चिखलात रुतले, पुढे जाता येईना. अम्मींनी उतरायचा हट्ट धरला नाही. फक्त काठावरून वाकून पाण्यात हात घातला आणि तो ओला हात तोंडावरून फिरवला.

आम्ही म्हणालो, "किती छान दिवस होते ते." हे आम्ही सहज म्हणालो होतो. अम्मींनी मान हलवली.

"छान काय? माझी मोठी भावजय इथेच गेली. बाळंतपणात अडली होती. तिला चिपळूणला न्यायची, तर ओहोटी. पडाव चिखलात बसलेला. भरती यायला चार तास. बाबा पायऱ्यांवर बसून पाणी मोजत होते. पाणी चढले, तोवर ती गेली. नंतर रस्ता आला तेव्हा बाबांचा धंदा बसला, पण ते कधी रस्त्याला वाईट बोलले नाहीत. मीही बोलणार नाही."

होडीत कुणी काही बोलले नाही. इतक्या वर्षांत ही गोष्ट त्यांनी आम्हाला कधी सांगितली नव्हती.

मग होडीवाल्याने त्याचे सांगितले. २२ जुलै २०२१ ला चिपळूण बुडाले तेव्हा वरून मुसळधार पाऊस आणि खालून भरती, पाण्याला जायला जागाच नव्हती. रस्ते गेले. त्या दिवशी तो होडी घेऊन बाजारपेठेत शिरला आणि दुकानांच्या पाट्यांना धरून धरून माणसे उतरवली. "फुफी, त्या दिवशी रस्त्याचा काही उपयोग नव्हता. होडीच कामाला आली." पुढे चिपळूणकरांनी नदीतला गाळ काढण्यासाठी साखळी उपोषण केले, गाळ निघूही लागला. पण खालच्या खाडीत गाळ आहेच. त्यात कारखान्यांचे सांडपाणी येते आणि कधी कधी मेलेली मासळी काठाला लागते. "आजोबांनी जाळे टाकले की घर चालायचे. मी मगरी दाखवतो म्हणून घर चालते," तो हसत म्हणाला. ते हसणे आम्हाला फार काही बरे वाटले नाही.

परत फिरण्याआधी त्याने दूर खाली हात केला. "तिकडे दाभोळ." याच पाण्याच्या मुखाशी एकेकाळी बहमनी आणि आदिलशाहीचे मोठे बंदर होते. रशियाचा प्रवासी अफानासी निकितिन पंधराव्या शतकात हिंदुस्थान फिरून परतीच्या जहाजात चढला तो दाभोळलाच. १५०८ च्या डिसेंबरात पोर्तुगीजांनी ते शहर जाळले, तरी ते पुन्हा उभे राहिले. तिथल्या शाही मशिदीबद्दल सांगतात, की विजापूरची शहजादी आयशाबीबी हजला निघून दाभोळपर्यंत आली, समुद्रावर चाच्यांचे भय म्हणून पुढे जाता आले नाही, तेव्हा हजसाठी आणलेला पैसा तिने त्या मशिदीला लावला. मुलांना आम्ही एवढेच म्हणालो, की ज्या खाडीत आपण मगरी मोजत आहोत, तिच्यातून जगाकडे जायची वाट होती.

ती वाट आपल्या बोलीत अजून आहे. बंदर आणि लंगर फारसीतून आले. नाखवा म्हणजे फारसीतला नाखुदा. खलाशी आणि सुकाणू हे अरबी. पडाव, होडी, शीड, वल्हे ही इथली. एका होडीत हे सगळे शब्द शेजारी बसून आले आणि कुणी कुणाला परके म्हटले नाही.

धक्क्यावर उतरल्यावर होडीवाला पैसे घेईना. "फुफीकडून भाडे कसले?" अम्मींनी पैसे त्याच्या खिशात कोंबले आणि म्हणाल्या, "माझ्या बाबांनीही कुणाला फुकट दिले नाही, उधार मात्र दिले. तू डिझेल घाल."

दुसऱ्या दिवशी शाळेत आम्ही आमच्या वर्गाला विचारले, किती जण होडीत बसले आहेत? अडतीस मुलांमध्ये चार हात वर झाले. यातली बरीच मुले खाडीपासून दहा-पंधरा मिनिटांच्या अंतरावर राहतात. खाडी म्हणजे काय, असे विचारल्यावर एकाने उत्तर दिले, "सर्व कचरा जातो ती." त्याचे चुकले असे आम्हाला म्हणता आले नाही. घराची पाठ जिकडे वळते, कचरा तिकडेच जातो.

आता वर्गात एक वही ठेवली आहे. प्रत्येकाने आपल्या दादी-नानीला, दादा-नानाला विचारून होडीचा, पाण्याचा, मासळीचा एक शब्द आणायचा आणि त्याचा अर्थ उर्दूत व मराठीत लिहायचा. आतापर्यंत एकसष्ट शब्द जमले आहेत.

वाचकहो, तुम्हीही जा. पावसाळा सोडून कधीही, पण हिवाळ्यातली सकाळ उत्तम. ओहोटीची वेळ विचारून घ्या, मगरी तेव्हाच चिखलावर येतात. लाइफ जॅकेट घातल्याशिवाय बसू नका, पाण्यात हात घालायचा तर होडीवाल्याला विचारून, आणि प्लास्टिक काही खाडीत टाकू नका. तिवरे म्हणजे मासळीचे पाळणाघर. ती तोडायला मुंबई उच्च न्यायालयाने २००५ मध्येच मनाई केली आहे, हेही मुलांना सांगा. आणि जमले तर घरातल्या सर्वांत वडील माणसाला बरोबर घ्या. होडीवाला मगरी दाखवील. बाकीचे ते माणूस सांगेल.

परवा मुलीने अम्मींना विचारले, "दादी, आज चांद किती?" रमजानला अजून बराच अवकाश होता. अम्मींनी सांगितले, "चौदावी." मुलगी म्हणाली, "मग आज उधाण."