अढाईद्वीपाच्या वाटेवर : लेखांक दुसरा

सोमवार, अजमेर

सोनीजींची नसियां म्हणजे आदिनाथांचं, अर्थात ऋषभदेवांचं, जैन मंदिर, प्रतिष्ठा १८६५ सालची. पण लोक येतात ते १८९५ मध्ये खुल्या झालेल्या दुमजली दालनासाठी. काचेला नाक लावून बघत राहिलो. आत सगळं सोन्यानं मढवलेलं : एकीकडे अयोध्या, एकीकडे सुमेरू पर्वत, वर छताला टांगलेली देवांची विमानं. ऋषभदेवांचा जन्म, सुमेरूवरचा अभिषेक, दीक्षा, सगळं इथे एकाच वेळी चालू आहे. कुठे काय आहे, याबरोबरच केव्हा काय घडलं, हेही जैन विश्वाचा हा नकाशा दाखवतो.

मंगळवार, मेरठ

दिवस प्रवासातच गेला. मेरठच्या रस्त्यावर उसाच्या ट्रॉल्यांमागे गाडी रेंगाळली, तेव्हा आठवलं : वर्षभराच्या उपवासानंतर ऋषभदेवांना पहिला आहार मिळाला तो हस्तिनापुरातच. राजा श्रेयांसानं उसाचा रस दिला. जैनांची अक्षय्यतृतीया ती हीच.

बुधवार, हस्तिनापूर

जंबूद्वीप! आर्यिका ज्ञानमती माताजींच्या प्रेरणेनं उभी राहिलेली, जैन विश्वातल्या मधल्या द्वीपाची ही रचना, प्रतिष्ठा १९८५ ची. मधला सुमेरू १०१ फूट उंच, आणि भोवतीच्या लवणसमुद्रात खरं पाणी. होडीत बसून प्रदक्षिणा घालता येते. कागदावर वाचलेला भूगोल इथे पायांखाली येतो.

दक्षिण टोकाला भरतक्षेत्र, म्हणजे आपण. एक लाख योजनं व्यासाच्या द्वीपाचे १९० भाग केले तर त्यातला एकच भाग आपला : ५२६ योजनं आणि वर एका योजनाचे सहा-एकोणिसांश. पुढे हिमवान पर्वत दुप्पट, मग हैमवत क्षेत्र त्याच्या दुप्पट, असं वाढत मधलं विदेह ६४ भागांचं. तिथून उत्तरेला तसंच उतरत शेवटी ऐरावत पुन्हा एक भाग. वहीत बेरीज केली. बरोबर १९०! हिशेब असा चोख जुळल्यावर मला मनापासून आनंद झाला.

पण थक्क करतो तो इथला काळ. चढता-उतरता काळ, म्हणजे उत्सर्पिणी-अवसर्पिणी, फक्त भरत आणि ऐरावतात. हैमवतात या चक्राचा एकच टप्पा कायम, सुषमा-दुषमा; त्यापुढच्या हरिक्षेत्रात कायम सुषमा. विदेहात सदैव चौथा काळ, तीर्थंकर होण्याचा. आपल्याकडे मात्र पाचवा, दुषमा, २१,००० वर्षांचा. त्यातली अडीच हजारच सरली आहेत. म्हणजे डोंगर ओलांडला की युगच बदलतं.

जंबूद्वीपाला सूर्य दोन. एकाला फेरी पुरी करायला दोन दिवस लागतात, म्हणून आजचा सूर्य वेगळा, उद्याचा वेगळा. आणि ४५ लाख योजनांच्या अढाईद्वीपाच्या, म्हणजे माणसांच्या अडीच द्वीपांच्या, कडेला, पुष्करद्वीपाच्या मधोमध, मानुषोत्तर पर्वत. त्यापलीकडे माणूस जाऊ शकत नाही. तिथले सूर्य जागचे हलत नाहीत, त्यामुळे दिवस नाही, रात्र नाही, घटका-मुहूर्त नाहीत. सूर्य चालतो तेवढ्यातच काळाची मोजणी, हा विचार मला या सगळ्या रचनेत सर्वांत धीट वाटतो. या नकाशाला दंतकथा म्हणून बाजूला ठेवणाऱ्यांचा हा विचार वाचायचाच राहून गेला आहे.

गुरुवार, हस्तिनापूर

सकाळी सांगलीकडच्या यात्रेकरूंची बस आली. एक मावशी विदेहाच्या बाजूला हात जोडून बराच वेळ उभ्या होत्या. "मावशी, इतका वेळ काय बघताय?" म्हणून विचारलं.

"तीर्थंकर सीमंधर स्वामी तिकडं हायेत नव्हं, आत्ता या घडीला. आपल्याकडं या काळात मोक्षाचं दार बंद. तिकडं उघडं हाय."

"पण तिथं जायचं कसं?"

"चालत न्हाई जाता येत, बाळा. जल्म घेऊन जावं लागतं. म्हणून वाट बघून ठेवायची."

इतकी पुस्तकं चाळली, पण हा नकाशा वापरायचा कसा, ते एवढ्या थोडक्यात कुणी सांगितलं नव्हतं. पुढचा मुक्काम कुठल्या काळात करायचा, हे ठरवायला तो आहे. अंतरं पायांनी कापायचीच नाहीत. मावशींच्या पिशवीत सुमेरूचा छापील पट होता. गावच्या मंदिरात लावणार म्हणाल्या, पोरांकडून क्षेत्रांची नावं पाठ करून घ्यायला.

उद्या परतीची गाडी, थेट नाशिक जिल्ह्यात मांगीतुंगीला. तिथली ऋषभदेवांची १०८ फुटी मूर्तीही ज्ञानमती माताजींच्याच प्रेरणेची, २०१६ ची. त्याविषयी पुढच्या लेखांकात.