अतिभार फक्त बैलावरच पडतो का?



प्रतिक्रमणात आपण पहिल्या अणुव्रताचे अतिचार आठवतो. त्यांत एक 'अतिभार', म्हणजे शक्तीपेक्षा जास्त ओझे लादणे, आणि एक 'भक्तपानविच्छेद', म्हणजे खाण्यापिण्यात अडथळा आणणे. 'अतिभार' म्हटले की आपल्याला बैलगाडी आठवते. पण आज आपल्या घरांत बैल कुठे आहेत? दुकाने, गोदामे, डाळ मिल आहेत, आणि तिथे साठी ओलांडलेली माणसे राबतात.

राज्य सरकारचे बहुतेक नोकर ५८ व्या वर्षी निवृत्त होतात, बँकेतले ६० व्या. पेढीवरच्या माणसाला अशी तारीख नसते आणि पेन्शनही नसते. धुळ्याला माझ्या माहेरच्या दुकानात मुनीमजी ६७ वर्षांचे आहेत. हिशेब आजही चोख. पण पूर्वी लग्नसराईचा शीण एका रात्रीच्या झोपेने जायचा, आता चार दिवस पाय सुजलेले राहतात. नवी मुले म्हणतात, "काका ढिले पडले." वहिनी म्हणाली, "मग सुट्टी का मागत नाही?" तर म्हणाले, "ताई, मागितली तर उद्या कोणी म्हणेल, आता घरीच बसा."

खरी गोष्ट हीच आहे. म्हातारा माणूस विश्रांती मागत नाही, कारण मागितली की नोकरी जाईल अशी भीती असते. ती न मागता द्यावी लागते.

बी.कॉम.ला मी घसारा शिकले. यंत्राची झीज दरवर्षी खात्यात धरतात, दुरुस्तीचा खर्च वेगळा मांडतात. माणसाच्या झिजेला खतावणीत पान नसते. वय वाढले की गाढ झोप कमी होते, तहान लवकर कळत नाही, घामही कमी येतो. आपल्या जळगाव-धुळ्याचा मे महिना तर तुम्हाला ठाऊकच आहे. त्यात चौविहार पाळणाऱ्याने दिवसभर गिऱ्हाइकीत पाणी घेतले नाही, तर रात्री घेता येत नाही. हा भक्तपानविच्छेद कोणाच्या खात्यावर?

२०१७ चा महाराष्ट्राचा दुकाने कायदा आला तेव्हा त्यात होते, सलग पाच तास कामानंतर अर्धा तास विश्रांती, आठवड्याला एक सुट्टी. पण तेव्हाही तो दहा किंवा जास्त कामगार असलेल्या दुकानांनाच लागू होता. आपली बहुतेक दुकाने त्याहून लहान. तिथे कायदा नाही, व्रत आहे.

माहेरी आता गल्ल्यामागे पाठ टेकायची खुर्ची आली. जेवणानंतर अर्धा तास मुनीमजी मागच्या गादीवर आडवे होतात. पाण्याचा लोटा हाताशी असतो. सूर्यास्ताआधी त्यांना घरी सोडतात, आणि गर्दीचा आठवडा संपला की पगारी सुट्टी. त्यांनी काहीच मागितले नव्हते. वहिनीने भावाला सांगितले, एवढेच.

मैत्रिणींनो, दुकानात आपण बसत नसू, पण घरी शब्द आपला चालतो. सामायिकाला आपण ४८ मिनिटे काढतो. आपल्याकडे भांडी घासायला येणाऱ्या मावशींनाही दोन घरांच्या मध्ये दहा मिनिटे पंख्याखाली बसू द्या, पाणी विचारा.

जय जिनेंद्र.