पूजेची सुपारी

आमच्या धाराशिवाकडे समुद्र येतो तो दोनच रूपांनी. मृगाच्या सुमारास ढग होऊन, आला तर आला. आणि पूजेच्या ताटात सुपारी होऊन. ढगांची वाट पाहण्यात आमचा जन्म जातो. सुपारीकडे मात्र मी कधी धड पाहिले नव्हते, २०२३ च्या दिवाळीच्या सुटीत दिवेआगरला जाईपर्यंत.

ज्यांच्याकडे उतरलो त्या आजोबांनी मोठ्या हौसेने वाडी दाखवली. म्हणजे आकाशच दाखवले!

"मास्तर, इथे भर दुपारी दिवा लावावा लागे, एवढी सावली होती."

३ जून २०२० रोजी 'निसर्ग' वादळ या किनाऱ्यावर आदळले. (वादळाचे हे नाव बांगलादेशाने सुचवलेले. नाव ठेवणाऱ्याला काय म्हणावे?) श्रीवर्धनी रोठा सुपारी नावाजलेली, पण पोफळ उंच, सडपातळ, मुळे वरवरची. ताशी शंभराहून अधिक किलोमीटरच्या वाऱ्यापुढे पिढ्यांच्या वाड्या एका दिवसात आडव्या झाल्या.

पूर्वी वादळे म्हटली की बंगालचा उपसागर. अरबी समुद्र त्या मानाने शांत. पण तो तापत चालला आहे आणि वादळ तापल्या पाण्यावरच पोसते. पुण्याच्या संशोधकांनी १९८२ ते २०१९ च्या नोंदी तपासल्या, तेव्हा अरबी समुद्रातली वादळे अलीकडच्या काळात निम्म्याहून अधिक वाढलेली आढळली. 'निसर्ग'नंतर वर्षभरातच, मे २०२१ मध्ये, 'तौक्ते' किनाऱ्याला घासून गेले.

"पुन्हा लावा की," मी म्हणालो. १९९३ च्या भूकंपात आमच्याकडे सास्तूरची घरे पडली, तेव्हा मी शाळकरी होतो. गवंडी आले, भिंती उठल्या. मला वाटले, वाडीचेही तसेच असेल.

आजोबा हसले. पोफळीच्या रोपाला ऊन सोसत नाही. तिला थोरांची सावली लागते, आणि थोर तर गेलेले. म्हणून आधी केळी लावायच्या, त्यांच्या आडोशाला पोफळ. मग पाच-सात वर्षे वाट पाहायची. मुलगा म्हणत होता, त्यापेक्षा पर्यटकांसाठी खोल्या बांधू. त्याचे तरी काय चुकले? पाच-सात वर्षे खायचे काय?

निघताना आजोबांनी वाचलेल्या झाडांच्या ओंजळभर सुपाऱ्या दिल्या. मी पैसे काढले, तर रागावले.

परवा फोन केला. निम्म्या वाडीत खोल्या झाल्या आहेत. उरलेल्या निम्म्यात चार पोफळींना फुलोरा आला आहे. तो बघायला सुनेला बोलावले, तर ती पाहुण्यांच्या चहात गुंतली होती, म्हणाले.