पेर लाशेजमधील एक थांबा

पॅरिसच्या पेर लाशेज दफनभूमीत प्रवासी येतात ती बहुधा संगीतकार शोपँचे थडगे पाहायला. मीही त्याचसाठी आलो होतो; पण पाय रेंगाळले ते पास्काल ओजिएपाशी.

ही कोण, असे वाचक विचारतील. अभिनेत्री ब्यूल ओजिएची ही लेक. १९८१ मध्ये रिव्हेतच्या ‘ल पों द्यू नोर’ या चित्रपटात मायलेकी पॅरिसच्या रस्त्यांतून हिंडल्या. १९८४ मध्ये एरिक रोमेरच्या चित्रपटात ती लुईज झाली. उपनगरात जोडीदाराचे घर, शहरात स्वतःची खोली, आणि जीव दोन्हीकडे! त्या घरांची सजावटही तिनेच केली होती. व्हेनिसच्या महोत्सवात ती सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरली.

त्यानंतर दोन महिनेही उलटले नाहीत. २५ ऑक्टोबरला हृदयविकाराने ती गेली. दुसऱ्याच दिवशी तिला सव्विसावे लागायचे होते. आपल्याकडे तेव्हा दिवाळी चालू होती.

१९८३ च्या ‘घोस्ट डान्स’मध्ये तिने तत्त्वज्ञ देरिदांना विचारले होते, तुमचा भुतांवर विश्वास आहे का? त्यांनी तोच प्रश्न उलट केला, तेव्हा ती ठामपणे ‘हो’ म्हणाली.

शोपँकडे मी गेलो खरा, पण कानांत तिचा तो होकारच घुमत होता.