आंबा पिकला का गं?

मैत्रिणींनो, आढीतले पिकलेले आंबे तुम्ही कसे निवडता? रंग बघून, हो ना? माझे वडील मात्र एकेक आंबा नाकाशी धरत, हलकेच दाबून बघत, आणि तरीही आईला हाक मारत, "हा पिकला का गं?" अण्णा संस्कृतचे शिक्षक. आम्हा भावंडांना वाटे, असेल मास्तरांची एखादी खोड! त्या प्रश्नाचा अर्थ मला कळला तो पन्नाशीच्या उंबरठ्यावर.

आम्ही राहतो न्हावा शेव्याला. एके काळी इथे मिठागरं आणि भातखाचरं होती. १९८९ साली बंदर सुरू झालं आणि सगळं चित्रच पालटलं. आमचे 'हे' बंदरातल्याच कामावर. त्यामुळे आमचा मुलगा जहाजं बघतच वाढला. मोठेपणी बोटीवर अधिकारी व्हायचं, हे त्याचं पहिलीपासूनचं ठरलेलं.

बारावीनंतर तो वैद्यकीय तपासणीला गेला. तिथे रंगीत ठिपक्यांची पुस्तिका पुढे ठेवली. इशिहारा नावाच्या जपानी डॉक्टरांनी १९१७ साली काढलेली तीच ही परीक्षा. ठिपक्यांत लपलेला आकडा ओळखायचा. इतरांना दिसणारे आकडे ह्याला दिसेनात. लाल आणि हिरवा रंग त्याला नीट वेगळे कळत नाहीत, असं निदान झालं.

राग तरी कुणावर काढायचा? जहाजाच्या डाव्या अंगाला लाल दिवा असतो, उजव्या अंगाला हिरवा. काळोखात समोरची बोट कुठल्या दिशेनं चाललीय, ते त्यावरूनच ओळखायचं. तिथे चूक झाली तर माणसांच्या जिवाशी गाठ.

घरी येऊन त्यानं दार लावून घेतलं. आणि मला आठवली त्याची दुसरीतली चित्रकलेची वही. झाडाचं खोड हिरवं, पानं तपकिरी! "लक्ष कुठे असतं तुझं?" म्हणत मी धपाटा घातला होता. तो धपाटा आजही माझ्याच हाताला झोंबतो.

डोळ्यांच्या डॉक्टरीणबाईंनी समजावून सांगितलं. हा दोष बहुधा जन्मजात असतो आणि एक्स गुणसूत्रावरून उतरतो. मुलाला एकच एक्स मिळतो, तोही आईकडून. मुलीला दोन मिळतात, त्यामुळे एकात खोट असली तरी दुसरा सांभाळून घेतो. म्हणून तिला स्वतःला सहसा काही जाणवत नाही. तिच्या प्रत्येक मुलात मात्र तो उतरण्याची शक्यता निम्मी. त्यांनी विचारलं, "तुमच्या माहेरी कुणाला आहे का?" आणि माझ्या कानात अण्णांची हाक घुमली. आंबा पिकला का गं?

सासूबाई एवढंच म्हणाल्या, "म्हणजे हे तुमच्याकडचं." वाईट हेतू नव्हता त्यांचा, पण मला रात्रभर झोप नाही.

रविवारी मुलाला घेऊन माहेरी गेले. अण्णा आता चौऱ्याऐंशीचे. सगळं ऐकून म्हणाले, "मला शाळेत असतानाच कळलं होतं. सांगणार कुणाला? लोक हसले असते." मग फडताळातून 'तर्कसंग्रह' काढला. अन्नंभट्टाचं हे छोटंसं पुस्तक त्यांनी आयुष्यभर शिकवलं. कणादांच्या वैशेषिक दर्शनाची ती ओळखच म्हणा ना. त्यात जगातल्या वस्तूंचे चोवीस गुण मोजलेत, आणि पहिला गुण कोणता? रूप, म्हणजे रंग! तो फक्त डोळ्यांनी कळतो, पण राहतो वस्तूत. रंग सात सांगितलेत: पांढरा, निळा, पिवळा, तांबडा, हिरवा, कपिश आणि सातवा 'चित्र'. निरनिराळ्या रंगांचे धागे घालून विणलेल्या वस्त्राचा रंग कोणता म्हणायचा? तर तो चित्र. तुमच्याआमच्या लुगड्यांचाही विचार केला होता हो त्या पंडितांनी! आढीच्या उबेनं आंब्याचा हिरवा रंग जाऊन पिवळा येतो, त्यालाही त्यांचा शब्द आहे, पाकज.

मुलानं विचारलं, "आजोबा, दिसत नव्हतं तर शिकवलंत कसं?"

अण्णा हसले. "काविळीच्या माणसाला पांढरा शंख पिवळा दिसतो, हे उदाहरण आमच्या शास्त्रात फार जुनं आहे. म्हणून शंख पिवळा होतो का रे? रंग माझ्या डोळ्यांत नाही, आंब्यात आहे. मला दिसत नाही तर तुझ्या आजीला विचारायचं. ती होती तोवर माझं काही अडलं नाही."

परतताना मुलगा गप्पच होता. खाडीजवळ आल्यावर म्हणाला, "आई, तो कंटेनर कुठल्या रंगाचा?" इतक्या वर्षांत त्यानं असं पहिल्यांदाच विचारलं. "हिरवा," मी म्हटलं. "आणि त्यामागचा विटकरी." आता तो मालवाहतुकीचा अभ्यासक्रम करतोय. प्रत्येक कंटेनरवर चार अक्षरं आणि सात आकडे असतात. त्यात रंगाचं काही अडत नाही. बोटीचं दुःख अजून आहे, नाही कशाला म्हणू? पण दार लावून बसणं संपलं.

मैत्रिणींनो, तुमच्या मुलानं खोड हिरवं रंगवलं तर माझ्यासारखा हात उगारू नका. डोळ्यांच्या डॉक्टरांकडे न्या. करिअर ठरायच्या आधी कळलं तर वाट वेळेवर बदलता येते. खडूंच्या वेष्टनांवर रंगांची नावं लिहून ठेवा. आणि "कुणाकडून आलं" हा हिशेब घरात मांडू नका. माझ्याकडून आलं, हे खरंच. पण अण्णांचा तर्कसंग्रहही त्याच्याकडे माझ्याच हातून गेलाय.