शेजारच्या गावाची टीम

पऱ्हाटीची पहिली-दुसरी वेचणी उरकली, तूर भरात आली, की वऱ्हाडातल्या जिल्हा परिषदेच्या शाळांना खेळाचे दिवस येतात. डिसेंबर-जानेवारीतल्या सकाळी अमरावती-अकोल्याच्या खेड्यांतून जावं, तर कुठल्या ना कुठल्या शाळेमागच्या पडीत जमिनीवर फक्कीच्या पांढऱ्या रेषा ओढलेल्या दिसतात. आमची काळी माती पावसाळ्यात पाय ओढून घेते आणि उन्हाळ्यात भेगाळते. या दोहोंच्या मधले थोडे आठवडे ती धावणाऱ्या लेकराला सरळ पाऊल टाकू देते. तेवढाच आमचा हंगाम.

'केंद्राच्या स्पर्धा' हे त्याचं साधं नाव. दहा-बारा गावांच्या शाळा एका गावात जमतात. कबड्डी, खो-खो, लंगडी, शंभर मीटर, लांब उडी, गोळाफेक होते. संध्याकाळी लेझीम आणि समूहगीत. दुसऱ्या दिवशी ढाल घेऊन एक शाळा घरी जाते, बाकीच्या पुढच्या वर्षीचं बोलत जातात. कुठल्याच दूरचित्रवाणीवर हे दिसत नाही. तरी खेळाचं खरं काम काय असतं, हे मला याच मैदानांनी शिकवलं आणि त्या शिकवणीवरचा माझा विश्वास वयाबरोबर वाढतच गेला आहे.

माझं गाव दर्यापूर तालुक्यातलं, पूर्णेच्या खारपाणपट्ट्यातलं. जमिनीखालचं पाणी इतकं खारं, की पिणं दूरच, त्यात डाळसुद्धा शिजत नसे. त्यामुळे ज्या गावाकडे स्पर्धेचं यजमानपद येई, त्या गावापुढचा पहिला प्रश्न गोड्या पाण्याचा असे. एवढ्या लेकरांना दोन दिवस पुरेल इतकं पाणी आणायचं कुठून? मग कोणी ट्रॅक्टर देई, कोणी ड्रम देई. कोणाच्या घरून तुरीची डाळ येई, कोणी तांदूळ, कोणी सरपण. खळ्यात पंगत बसे आणि वाढायला गावातल्या बायाच उभ्या राहत. समोरच्या पानावर बसलेली पोरगी उद्या आपल्याच गावाच्या टीमला हरवणार आहे, हे माहीत असूनही तिच्या पानात आग्रहानं वाढलं जाई. पाहुण्याला हरवायचं असेल तर आधी पोटभर जेवू घालावं, हा त्या मैदानाचा न लिहिलेला नियम होता.

लिहिलेले नियम मात्र अमरावतीला फार जुने आहेत. १९१४ साली अंबादासपंत आणि अनंतराव वैद्य या भावांनी अमरावतीत हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाचं रोप लावलं. क्रांतिकारक राजगुरू याच आखाड्यात घडले. त्याच १९१४ साली पुण्याच्या डेक्कन जिमखान्यानं खो-खोचे नियम बांधायला समिती नेमली. त्याआधी गावोगावी पोरं खेळत नव्हती असं नाही. हुतूतू होता, आट्यापाट्या होत्या, लंगडी होती; पण प्रत्येक गावाची रेष वेगळी आणि 'बाद' कोणाला म्हणायचं याचा कायदाही वेगळा. अशा खेळात गाव गावाशी खेळू शकत नाही, फक्त भांडू शकतं. मैदानाचं माप ठरलं, वेळ ठरली, पंचाची शिट्टी दोन्ही बाजूंनी मानली, तेव्हा एका आळीचा खेळ दोन गावांचा सामना झाला.

१९३६ साली मंडळाचं पथक बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी जर्मनीला गेलं आणि तिथं त्यानं कबड्डी, खो-खो, मल्लखांब यांसारख्या देशी खेळांची प्रात्यक्षिकं केली. अमरावतीकर हे अभिमानानं सांगतात आणि सांगावंच. मला मात्र मंडळाचं याहून मोठं वाटणारं काम बर्लिनला झालेलं नाही. इथं शिकून बाहेर पडलेले शारीरिक शिक्षणाचे शिक्षक गावोगावच्या हायस्कुलांत गेले. त्यांच्या हाताखाली खेळलेली मुलं पुढे डी.एड. करून प्राथमिक शाळेवर गुरुजी झाली. गळ्यात शिट्टी आणि हातात फक्कीची पाटी घेऊन शाळेमागच्या पडीत रेषा आखणाऱ्या त्या माणसापर्यंत वैद्य बंधूंची शिकवण अशी हाताहातानं पोचली.

पुढची गोष्ट सरकारी कागदावर घडली. १९९४ साली राज्य शासनानं प्राथमिक शाळांची केंद्रं आखली. साऱ्या महाराष्ट्रात ४,८६० केंद्रं, साधारण दहा शाळांचं एक केंद्र आणि त्यावर एक केंद्रप्रमुख. हेतू शिकवण्याचा होता. शेजारच्या शाळांच्या शिक्षकांनी एकत्र बसावं, एकमेकांचं पाहावं, अडलेलं विचारावं. खेळासाठी ही रचना केलेली नव्हती, पण खेळाला ती अंगच्या कपड्यासारखी बसली. गावं एकमेकांपासून ट्रॅक्टरच्या टप्प्यातली. माती एकच, पाणी एकच, पायात चपला असण्या-नसण्याची परिस्थितीही एकच. पट जवळपास सारखा. समोरची टीम आपल्यासारखीच आहे, हे लेकराला रेषेवर उभं राहताच कळे आणि त्याची छाती आपोआप पुढे येई.

खो-खोला मैदानावर नऊ जणी लागतात. आठ जणी दोन खांबांमधल्या पाटीवर बसतात, आळीपाळीनं उलट-सुलट तोंडं करून, आणि नववी पाठलाग करते. आमची शाळा पहिली ते सातवी. पाचवी, सहावी आणि सातवी मिळून मुली जेमतेम टीमपुरत्या. त्यामुळे आमच्याकडे निवड हा प्रकारच नव्हता. जी होती, ती खेळली. भरभर पळणारी खेळली, तशी दम लागणारीही खेळली. लाजून ओठ न उघडणारीलाही भर मैदानात 'खो' म्हणावंच लागलं. हजार मुलांच्या शाळेत बारा जण निवडले जातात आणि उरलेले टाळ्या वाजवतात. लहान शाळेत टाळ्या वाजवायला कोणी उरतच नाही. लहानपणाचा हा एवढा मोठा फायदा आमच्या शिक्षणव्यवस्थेच्या कुठल्याच तक्त्यात मांडलेला मी पाहिलेला नाही.

खो-खोचा नियमही लहान शाळेच्या बाजूचा आहे. पाठलाग करणारीनं एकदा दिशा धरली की खांब गाठेपर्यंत तिला मागे वळता येत नाही आणि बसलेल्यांच्या मधली रेष ओलांडताही येत नाही. पळणारी पलीकडे गेली, की तिच्यामागे धावायचा हक्क दुसरीला द्यावाच लागतो. कितीही चपळ असली तरी एकटीच्या बळावर हा खेळ जिंकता येत नाही. खांबाजवळ बसलेली, पळण्यात मागे पडणारी मुलगी योग्य क्षणी उठली, तर सगळ्यांत वेगवान पळणारी बाद होते. मैदानाच्या कडेनं गावातल्या म्हाताऱ्या ओरडत, "पय वं पोरी, पय!" आपल्या नातीलाही ओरडत आणि शेजारच्या गावाची पोरगी जिवाच्या आकांतानं पळत असली, तर तिलाही.

मुलींसाठी त्या दोन दिवसांचं मोल फार वेगळं होतं. लग्न, तेरवी, जत्रा सोडून दुसऱ्या गावी जायला मुलीला कारणच नसे. खेळ हे पहिलं कारण झालं, जे तिचं स्वतःचं होतं. ती कोणाची लेक, कोणाची बहीण म्हणून तिथं गेलेली नसे. ती टीमची पळणारी म्हणून गेलेली असे. पुढे यांतल्या बऱ्याच जणी आसपासच्याच गावांत नांदायला गेल्या. दर्यापूरच्या बसस्टँडवर, अंजनगावच्या बाजारात आजही भेटतात तेव्हा आधी माहेरचं गाव निघतं आणि मग त्या वर्षीचा सामना. अनोळखी सासरी एक तरी जुनी ओळख असते, अंगाला भिडून खेळलेली.

केंद्रातून जिंकलं की पुढे बीट, मग तालुका, मग जिल्हा. या पायऱ्या राज्यकारभाराच्या नकाशावर चालतात. १ जुलै १९९८ ला वाशिम अकोल्यापासून वेगळा जिल्हा झाला, तेव्हा रिसोड-मालेगावची आणि बाळापूर-पातूरची मुलं एका जिल्ह्याच्या मैदानावर भिडायची थांबली. धारणी-चिखलदऱ्याच्या कोरकू मुलांना जिल्ह्याला यायचं तर अख्खा मेळघाट उतरून यावं लागतं. त्यांचे पाय धावायच्या आधीच दमलेले असतात. आणि हायस्कुलात गेल्यावर दुसरीच शिडी लागते. तिथं तालुक्याच्या पहिल्याच फेरीत खेड्यातल्या शाळेसमोर शहरातली शाळा उभी राहते, जिच्याकडे मैदान आहे, क्रीडा शिक्षक आहे, बूट आहेत, रोजचा सराव आहे. कुस्तीच्या दंगलीत जाणती माणसं दोन्ही पैलवानांचं अंग पाहून जोड लावतात. शाळांची जोड मात्र कोणीच पाहत नाही.

भारतीय शालेय क्रीडा महासंघ १९५४ साली स्थापन झाला. आज शालेय स्पर्धा चौदा, सतरा आणि एकोणीस वर्षांखालील अशा वयोगटांत होतात. वय पाहिलं जातं. शाळा केवढी आहे हे पाहिलं जात नाही. त्याच १९५४ साली अमेरिकेतल्या इंडियाना राज्यात मिलान गावचं १६१ विद्यार्थ्यांचं हायस्कूल बास्केटबॉलचं राज्यविजेतेपद घेऊन आलं. अंतिम सामन्यात त्यानं मन्सी सेंट्रल या कितीतरी मोठ्या शाळेला ३२-३० असं हरवलं. ती गोष्ट तिथं आजही सांगितली जाते. पण असं क्वचितच घडतं, म्हणून तर ती सांगितली जाते. त्या देशात लहान शाळांनी आपल्या मापाच्या शेजारी शाळांशी गट बांधून वर्षानुवर्षं खेळायची रीत पाडली आणि इंडियानानंही १९९७ पासून पटाप्रमाणे शाळांचे वर्ग करून प्रत्येक वर्गाला वेगळी अंतिम फेरी दिली. तिथल्या कित्येकांना जुनी एकच स्पर्धा अजूनही प्यारी आहे आणि त्यांचं म्हणणं मी समजू शकते. मोठ्याला हरवण्याचं स्वप्न लहानाकडून काढून घेऊ नये. मात्र त्या स्वप्नापर्यंत पोचायला आधी चार सामने असे लागतात, ज्यात हार-जीत आपल्या हातात असते.

वरच्या पायरीवर काय घडू शकतं, हेही अमरावतीनं दाखवलं आहे. सातारा जिल्ह्यातल्या सरडे गावचा प्रवीण जाधव जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकला. तिथल्या शिक्षकांनी त्याला धावायला लावलं, त्या वाटेनं तो क्रीडा प्रबोधिनीत आला, अमरावतीच्या प्रबोधिनीत धनुर्विद्या शिकला आणि टोकियो ऑलिंपिकमध्ये भारताकडून नेम धरून उभा राहिला. जानेवारी २०२५ मध्ये दिल्लीत खो-खोचा पहिला विश्वचषक झाला. भारताचे पुरुष आणि महिला दोन्ही संघ जिंकले. हा खेळ आता मॅटवर, झगमगाटात खेळला जातो आणि ते पाहून माझा ऊर भरून येतो. पण त्या संघात उद्या जी मुलगी जाईल, तिला पहिला 'खो' कोणत्या तरी मातीच्या मैदानावरच मिळालेला असेल.

म्हणून २०२३ साली वीसपेक्षा कमी पटाच्या शाळा एकत्र करून समूह शाळा करण्याचा विचार शासनानं पुढे आणला, तेव्हा माझ्या डोळ्यांसमोर आधी मैदान आलं. राज्यात अशा शाळा १४,००० हून अधिक निघाल्या. खर्चाचं गणित मला कळतं. दहा लेकरांच्या शाळेत सोबती कमी पडतात, हेही खरं आहे. पण एक शाळा बंद होते, तेव्हा एकाच गावाचं नुकसान होत नाही. शेजारच्या गावाची समोरची टीम जाते. दहाच्या नऊ होतात, नवाच्या सहा. मग एक वर्ष असं येतं, की उरलेल्या शाळांना खेळायला कोणी सापडत नाही आणि ज्या शाळेचा पट पुरेसा आहे, तीही एकटी पडते. लहान शाळा शेजारच्या लहान शाळांच्या आधारानं उभ्या असतात. हिशेब करताना एकेक शाळा सुटी मोजली, तर हे दिसतच नाही.

शिक्षण हक्क कायद्याप्रमाणे शारीरिक शिक्षणाचा अर्धवेळ निदेशक मिळतो, तोही सहावी ते आठवीत शंभरावर मुलं असतील तर. आमच्या गावांत इतकी मुलं तीन-चार शाळांची मिळूनही होत नाहीत. म्हणजे खेळ शिकवणारा माणूस कायद्यानंच मोठ्या शाळेकडे जातो. हा माणूस शाळेला न देता केंद्राला द्या. दहा शाळांत आळीपाळीनं फिरणारा एक क्रीडा शिक्षक, प्रत्येक शाळेला चुना-फक्कीचा आणि दोऱ्या-चेंडूंचा खर्च, आणि वर्षातून दोन दिवसांऐवजी हिवाळाभर दर शनिवारी शेजारच्या गावाशी एक सामना. नऊ मुली होत नसतील, तर दोन गावांची मिळून एक टीम होऊ द्या. नियम तेवढा वाकवावा. तालुक्यालाही लहान शाळांची एक वेगळी फेरी ठेवा आणि तिच्या विजेत्याला मोठ्यांशी भिडू द्या.

वऱ्हाडातल्या लेकरांना कोणाची दया नको आहे. त्यांना समोर रेषेवर उभी राहणारी, आपल्याच तोलाची, जिद्दीनं खेळणारी दुसरी लेकरं हवी आहेत. ती आज आहेत, तीन-चार किलोमीटरवर, पुढच्या गावात. ती तिथं राहतील आणि खेळतील, एवढं पाहणं आपल्या पिढीचं काम आहे.