चार दिवसांच्या पाण्यावरची बाग

दिवाळी झाली की सोलापूरच्या नर्सऱ्यांत जिरेनियमच्या कुंड्या दिसू लागतात. लाल, गुलाबी, पांढऱ्या फुलांचे गुच्छ बघून कोणाचाही हात खिशाकडे जातो. मार्चपर्यंत झाड डौलात असते, एप्रिलमध्ये मान टाकते आणि मे महिन्यात रिकामी कुंडी गच्चीच्या कोपऱ्यात जाते. नर्सरीवाल्याला विचारले तर तो प्रामाणिकपणे सांगतो, "चार महिन्यांचा पाहुणा आहे, साहेब."

माझी चुलतबहीण इंग्लंडला असते. तिच्या मते जिरेनियमसारखे काटक झाड दुसरे नाही. एकदा लावा आणि विसरा. बर्फ पडला तरी मुळे जिवंत राहतात आणि वसंतात पुन्हा पाने फुटतात. आम्ही दोघेही खरे बोलत होतो, फक्त झाडे वेगळी होती. आपल्याकडे कुंडीत येते ते पेलार्गोनियम, मूळचे दक्षिण आफ्रिकेचे. दोन्ही पूर्वी एकाच नावाखाली होती. १७८९ साली लेरितिए नावाच्या फ्रेंच वनस्पतिशास्त्रज्ञाने ती वेगळी केली, पण बाजाराने जुने नाव सोडले नाही. खरे जिरेनियम थंड मुलखातले. हिमालयातही त्याच्या जाती आहेत. ते गोठण्याला भीत नाही, पण सोलापूरचा त्रेचाळीस अंशांचा मे त्याने पाहिलेला नाही.

तेव्हा काटक म्हणजे काय, हे ज्याने त्याने आपल्या अंगणात ठरवावे. सोलापुरात थंडीने झाड मरत नाही. इथे पाऊस वर्षाला साडेपाचशे मिलिमीटरच्या आसपास. पिण्याचे पाणी मुख्यतः उजनी धरणातून येते. धरण १९८० साली पूर्ण झाले, जलवाहिनी सुमारे शंभर किलोमीटर लांब, आणि तरीही नळाला पाणी चार-पाच दिवसांनी. कधी मध्यरात्री, कधी पहाटे. पिंप, हंडे, कळश्या भरायला कोण उठते, हे वेगळे सांगायला नको. म्हणून आमच्या घरात बागेचा पहिला कायदा बायकोने केलेला आहे : "झाडां कू पानी डालने के पैले मेरे कू पूछो."

या कायद्यातून सुटका होती ती अब्बांची. ते अंगणातल्या दगडावर बसून पाच वेळा वजू करीत. त्यांना नळाखाली वजू केलेला आवडत नसे. लोटाभर पाण्यात भागवत. ते पाणी वाहून जाऊ नये म्हणून दगडाच्या बाजूनेच वाफा केला होता. एका वजूला दीड लिटर धरा, दिवसाचे सात-आठ लिटर झाले. साबण नाही, तेल नाही, स्वच्छ पाणी. त्यावर मोगरा वाढला, पुदिना वाढला, कढीपत्ता वाढला. गेल्या हिवाळ्यात अब्बा गेले. पुदिना पंधरा दिवसांतच वाळला. आम्ही बाकीचे आत बेसिनवर वजू करणारे, त्या पाण्याला अंगणाची वाट माहीत नाही.

वाफा बुजवून फरशी घालू, असे धाकट्या भावाचे म्हणणे होते. गाडी लावायला जागा होईल, हे त्याचे खरेच. मी एक उन्हाळा मागून घेतला. मोगऱ्याला कूलरमधले उरलेले पाणी, कढीपत्त्याला तांदूळ धुतलेले. त्यापलीकडे कुणाच्या हंड्यातले काही न मागणारीच झाडे लावायची.

पहिली मेंदी. कुंपणाला लावा, कापा, पुन्हा फुटते. एकदा मूळ धरले की तिला उन्हाचे काही वाटत नाही. ईदच्या आदल्या रात्री कोनांतली मेंदी आणणाऱ्या मुलींना या पाल्याचे अप्रूप नाही, ते असो. पण तिच्या बारीक फुलांचा वास संध्याकाळी घरभर येतो.

दुसरी सदाफुली, मादागास्करहून आलेली. रक्ताच्या कर्करोगावरचे एक औषध तिच्यापासून निघते, हे बहुतेकांना ठाऊक असते. मला तिचा दुसराच गुण जास्त मोलाचा : बकरी ईदच्या आधी आठ दिवस अंगणात बांधलेला बकरा सगळे फस्त करतो, सदाफुलीला मात्र तोंड लावत नाही. कण्हेरही अशीच चिवट, पण ती विषारी. घरात लहान मुले आणि दारात बकरा असेल तर नकोच.

आणि गुलबास. याच्याकडे आपण कायम दुर्लक्ष केले, कारण तो फुकट उगवतो. मूळ अमेरिकेतला, नाव मात्र आपल्या घरातले, गुल-ए-अब्बासचे मराठीत गुलबास झाले. दुपार कलली, असरची अजान झाली की फुले उमलू लागतात. एकाच झाडावर पिवळी आणि गुलाबीही. उन्हाळ्यात वरचे सगळे वाळून जाते, लोक मेले म्हणून उपटतात. उपटू नका. खाली रताळ्यासारखी गाठ असते, ती पावसाची वाट पाहत पडून राहते. बहिणीचे जिरेनियम बर्फाखाली जे करते, तेच हा तापलेल्या मातीखाली करतो.

जिरेनियमचाही राग नको. वासाच्या जिरेनियमची शेती आता महाराष्ट्रात होते. तेलाला गुलाबासारखा गंध असल्याने ते अत्तरांतही जाते. पण त्याला ठिबक लागते, आणि ते शेतकऱ्याचे काम.

कबरीवर आपण सब्जा लावतो. अब्बांच्या कबरीवरही लावला होता. दर जुम्याला मी बाटलीने पाणी नेत असे. एप्रिलमध्ये आठवड्याचे पाणी त्याला पुरेना. कबरस्तानात गुलबास कोणी लावलेला मी पाहिलेला नाही. मौलानांना विचारले. ते म्हणाले, हरकत काय, हिरवे आहे ना.

बिया मिऱ्यासारख्या काळ्या असतात. वीसेक जमवून कागदाच्या पुडीत ठेवल्या आहेत. मृगाचा एक चांगला पाऊस झाला की बोटाच्या एका पेराइतक्या खोल टोचायच्या. सोळा वाफ्यात, चार अब्बांच्या पायथ्याशी.